पावसाची हरवलेली पोथी म्हणून तीस हजारांना फसवलं, बडोद्यातल्या आपल्या लोकांनी हे वाचा

हे लिहायला मला बरेच महिने लागले कारण घरात आईला अजून सांगितलेलं नाही. पण गेल्या आठवड्यात त्याच पोथीचा फोटो माझ्या आतेभावाला आला, म्हणून आता लिहितोच.

२०२४ च्या ऑगस्टमध्ये विश्वामित्रीचं पाणी शहरात शिरलं तेव्हा आमच्या तळमजल्यावर कमरेइतकं पाणी होतं. टीव्ही, गाद्या वर नेल्या आणि आजोबांची पोथ्यांची पेटी खालीच राहिली. पाणी उतरल्यावर उघडली तर आत नुसता काळा लगदा. आई तो ताटात काढून उन्हात ठेवत होती, वाळला की अक्षरं दिसतील म्हणून. ते ताट मला आजही डोळ्यासमोर दिसतं.

आजोबा सांगायचे की पणजोबांकडे एक पावसाची पोथी होती, त्यात ढग बांधायची आणि सोडायची विद्या होती, कोणीतरी वाचायला म्हणून नेली ती परत आलीच नाही. जूनमध्ये पाऊस लांबला की हमखास ही गोष्ट व्हायची. मंत्राने पाऊस पडतो असं मी कधी मानलं नाही, पण ती पोथी खरंच होती हे मानत होतो, अजूनही मानतो.

तर दिवाळीच्या आधी शुक्रवारी बाजारात एक जण जुनी पुस्तकं घेऊन बसलेला दिसला. माझं मराठी ऐकून तोही मराठीत बोलायला लागला, अगदी घरातलं मराठी, आणि बडोद्यात असं कोणी बोललं की आपण लगेच मोकळे होतो ना, तसा मी झालो, पूर, पेटी, पणजोबा, पावसाची पोथी, सगळं त्याला उभ्या उभ्या सांगून टाकलं. त्याने फक्त ऐकून घेतलं आणि एक जुनं छापील पंचांग दोनशे रुपयांत दिलं. ते खरं होतं. नंबर घेतला.

दहा दिवसांनी फोन. "भाऊ, तुम्ही म्हणत होता तसलंच काहीतरी एका वाड्यातून निघालंय, पर्जन्याचं आहे, शेवटी तुमच्याकडच्याच गावाचं नाव वाटतंय." तीन फोटो पाठवले. मी जरा शंका काढली तर म्हणाला, कौटिल्याचं अर्थशास्त्र पण शेकडो वर्षं हरवलेलंच होतं ना, १९०५ मध्ये म्हैसूरला पोथी मिळाली आणि १९०९ मध्ये छापून आलं. हे अगदी खरं आहे, मी वाचलेलं होतं, आणि एक गोष्ट खरी निघाली की माणूस पुढच्या दहा गोष्टींना मान हलवतो. पाच हजार टोकन दिलं. मग मुंबईची पार्टी मागे लागलीये म्हणाला, तेव्हा अजून पंचवीस, सगळे फोनवरून. पोथी मात्र स्वतः आणून दिली, लाल रुमालात बांधलेली, आणि बजावलं की आठ दिवस गाठ सोडू नका, पानं बंद हवेतली आहेत, एकदम उघडली तर तुटतील. मी देवघरात ठेवली. आठ दिवसांनी त्याचा फोन बंद.

दांडिया बाजारात आमच्या ओळखीच्या एक निवृत्त संस्कृतच्या बाई आहेत, त्यांच्याकडे घेऊन गेलो. त्यांनी भिंग घेतलं आणि एकच पान दहा मिनिटं पाहिलं. मग मला भिंग दिलं. कसरीने खाल्लेल्या खऱ्या पानात भोक अक्षराच्या मधून जातं, कारण लिहिलं आधी आणि किडीने खाल्लं नंतर. इथे अक्षरं भोकाला वळसा घालून गेली होती आणि एका ठिकाणी शाई भोकाच्या कडेत उतरून फुगली होती. पान खिडकीशी धरलं तर वहीच्या फिकट निळ्या रेघा. चाळीस पानांत कुठे हरताळ नाही, बाई म्हणाल्या, लिहिणारा चुकला की चुकलेल्या अक्षरावर पिवळा हरताळ फासायचे, आपण हरताळ फासणे म्हणतो ते त्यावरूनच. आणि शेवटी लिहिलेलं, शके १६९२, क्रोधी नाम संवत्सर. साठ संवत्सरांचं चक्र असतं, शके १६९२ ला विकृती येतो. क्रोधी कुठून आला? तर तो मला फसवलं त्याच वर्षी, शके १९४६ ला, प्रत्येकाच्या भिंतीवरच्या पंचांगात होता!

मजकूर तर मला जास्तच लागला. ढगांना गर्भ राहतो आणि १९५ दिवसांनी पाऊस पडतो, हे वराहमिहिराच्या बृहत्संहितेत आहे, सहाव्या शतकातलं, छापील पुस्तक दुकानात मिळतं. हरवलेलं त्यात काहीच नव्हतं.

मला सगळ्यात वाईट याचं वाटतं की प्राच्यविद्या मंदिर, जुन्या पोथ्यांची संस्था, आपल्याच गावात आहे, गायकवाड ओरिएंटल सिरीज १९१६ पासून निघतेय, रामायणाची चिकित्सित आवृत्ती तिथेच ढीगभर पोथ्या ताडून झाली, आणि मी पैसे द्यायच्या आधी तिथे जाऊन ते फोटो कोणाला दाखवले नाहीत. अजून एक, १९७२ च्या पुरावस्तू कायद्यात ७५ वर्षांहून जुनं महत्त्वाचं हस्तलिखित पुरावस्तू धरलं जातं आणि त्याचा धंदा करायला लायसन्स लागतं. लायसन्स विचारा, एवढ्यानेच असला माणूस पळेल. पैसे गेलेच असतील तर त्याच दिवशी १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन करा, मी नऊ दिवसांनी केला, तोपर्यंत खात्यात काही उरलं नव्हतं.

आतेभावाला आलेल्या फोटोत तेच पान आहे, डाव्या समासात त्रिकोणात तीन भोकं आणि खाली उजवीकडे हळदीसारखा डाग. त्याला सांगितलंय की ही जामनगरच्या वैद्यांच्या घरातली औषधांची पोथी आहे. आतेभाऊ वैद्य आहे, आणि त्याच्या आजोबांची औषधांची वही पुरात गेली हे त्याने त्याच बाजारात कोणालातरी सांगितलं होतं.