मेंदी आणि इंडिगोनंतरचे तीन दिवस: आठ महिन्यांचा अनुभव

पहिल्या खेपेला केसांना मेंदीनंतर लावलेला इंडिगो, म्हणजे निळीच्या झुडपाच्या पानांची पूड, धुऊन आरशासमोर उभी राहिले तेव्हा कानशिलांवरचे केस चक्क हिरवट दिसत होते, पावसाळ्यात कंपाउंडच्या भिंतीवर शेवाळ धरतं तसे. रविवारची रात्र, नऊ वाजून गेलेले, सकाळी बँकेत जायचं. शाम्पूची बाटली उचलली होती, तेवढ्यात मुलगी म्हणाली, "आई, दोन दिवस डोक्याला काही लावायचं नाही असं ठरलंय ना? थांब गं." थांबले. सोमवारी संध्याकाळी तेच केस गडद तपकिरी झाले आणि मंगळवारी उन्हात गेल्याशिवाय काळेच वाटायला लागले.

ही गोष्ट गेल्या नोव्हेंबरची. त्यानंतर धरून आतापर्यंत आठ वेळा केस रंगवले. कुठली मेंदी चांगली, किती तास ठेवायची, हे कुणालाही विचारलं तरी कळतं. रंगवल्यावर केस धुवायचे कधी, कशाने आणि कुठल्या पाण्याने, हे मात्र मला कुणी धड सांगितलं नव्हतं. माझ्या अनुभवात रंग टिकणं-न टिकणं बहुतेक तिथेच ठरतं, म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

आधी माझ्याबद्दल. वय ४८, केस खांद्याखाली चार बोटं, जवळपास निम्मे पांढरे. कानशिलं आणि भांग तर पूर्णच. पुण्याच्या पूर्वेकडच्या उपनगरात राहते. सोसायटीला बोअरचं पाणी, एप्रिल-मेमध्ये टँकर. बारा वर्षं बाजारातला केमिकल डाय लावत होते. गेल्या वर्षी एकदा डाय लावल्यावर दुसऱ्या दिवशी टाळूला प्रचंड खाज सुटली, कानांमागे पाणी भरलेले फोड आले आणि पापण्या सुजून डोळे अर्धे मिटले. त्वचारोगतज्ज्ञांनी पाठीवर पट्ट्या चिकटवून चाचणी केली, ४८ तासांनी आणि ९६ तासांनी पाहिली आणि सांगितलं की पीपीडीची ॲलर्जी आहे. पीपीडी म्हणजे पॅराफिनिलीनडायअमीन, काळ्या डायमधला नेहमीचा घटक. बारा वर्षं काही झालं नाही म्हणून तेराव्या वर्षी होणार नाही असं नसतं, हे मला तेव्हा कळलं. डॉक्टरांनी आणखी एक बजावलं: 'काळी मेंदी' म्हणून मिळणाऱ्या पुड्यांत आणि कोनांतही बऱ्याचदा हेच असतं. निव्वळ मेंदी कधीच काळी रंगत नाही. अर्ध्या तासात केस काळेभोर करणारी पूड नुसत्या पाल्याची नसणार, असं समजून मी ती घेतच नाही.

तर मग मेंदी आणि त्यावर इंडिगो. इंडिगोची पूड दिसायला हिरवी. कपड्यांना घालायची नीळ ही पूर्ण वेगळी वस्तू आहे, ती चुकूनही केसांना लावू नका. माझ्याकडची मेंदी राजस्थानातल्या सोजतची, इंडिगो तमिळनाडूतली. दोन्ही पुड्यांवर घटक म्हणून एकेका झाडाचंच नाव आहे, हे बघून घेतलं. तरीही आधी कोपराच्या आतल्या बाजूला थोडा लेप लावून दोन दिवस वाट पाहिली. एकदा भाजल्यावर तेवढं करावंच लागतं.

लावण्याची रीत थोडक्यात. १०० ग्रॅम मेंदी रात्री कोमट पाण्यात, लिंबू पिळून भिजवते. सकाळी लावते, तीन तास ठेवते, नुसत्या पाण्याने धुते. केस गाजरासारखे नारिंगी होतात, घाबरायचं नाही. मग १५० ग्रॅम इंडिगो कोमट पाण्यात चिमूटभर मीठ घालून कालवते, १५ मिनिटं झाकून ठेवते आणि लगेच लावते. ही पूड मेंदीसारखी रात्रभर भिजवली तर फुकट जाते. मागच्या बाजूला मुलगी लावते, कारण मानेजवळ माझ्या हातून नेहमी राहतं. दीड-दोन तासांनी पुन्हा नुसत्या पाण्याने धुते. धुताना आधी हिरवं, मग निळसर पाणी येतं. ते बऱ्यापैकी निवळेपर्यंत धुवायचं, अगदी नितळ होण्याची वाट बघायची नाही.

आता ते तीन दिवस. इंडिगोच्या पानात निळा रंग तयार नसतो. त्यात इंडिकन नावाचा रंगहीन पदार्थ असतो. पूड भिजली की तो फुटून इंडॉक्सिल होतं, आणि इंडॉक्सिलला हवा लागली की पाण्यात न विरघळणारा निळा रंग बनतो. मेंदीतलं लॉसोन हे रंगद्रव्य केसांमधल्या केराटिन या प्रथिनाला आधीच धरून बसलेलं असतं, त्या नारिंगीवर हा निळा चढतो आणि डोळ्यांना तपकिरी-काळा दिसतो. केस धुऊन झाले तरी हे काम चालूच असतं. हिरवटपणा जाऊन रंग खोल व्हायला माझ्या केसांत दीड ते दोन दिवस लागतात. तेवढ्यात शाम्पू केला तर अर्धवट बसलेला रंग मोरीत जातो.

याचा पुरावा माझ्या घरातच आहे. डिसेंबरमध्ये आत्या आल्या होत्या. एकाच दिवशी, एकाच पुड्यातून, एकाच भांड्यातलं आम्ही दोघींनी लावलं. त्यांना दुसऱ्या दिवशी लग्नाला जायचं होतं आणि इंडिगोला ओल्या पाल्याचा वास येतो, तो त्यांना सहन होईना. सकाळीच शाम्पूने खसखसून केस धुतले. मी तिसऱ्या दिवशी संध्याकाळी धुतले. दहा दिवसांनी आत्यांचा फोन आला की पुढचे केस तांब्याच्या घंगाळासारखे लाल झालेत, पूड खराब निघाली का? माझे तेव्हा काळपट तपकिरीच होते. त्यांचे केस माझ्यापेक्षा जास्त पांढरे आहेत हेही खरं, पण पुढच्या खेपेला त्यांनी तीन दिवस पाळले आणि रंग साडेतीन आठवडे राहिला.

या तीन दिवसांत मी काय करते ते सांगते. पहिल्या रात्री केस पूर्ण वाळवून, मऊ जुना पंचा गुंडाळून झोपते. उशीला जुनाच अभ्रा घालते, निळसर डाग पडतात आणि पांढऱ्या अभ्र्यावरचे सहज निघत नाहीत. अंघोळीला प्लास्टिकची टोपी घालते. तेल नाही, कंडिशनर नाही. पहिल्या दिवशी केस गवतासारखे कोरडे लागतात, कंगवा अडतो. बोटांनी सोडवते आणि सैल वेणी घालते. हा कोरडेपणा कायमचा नसतो, पहिल्या तेलानंतर जातो. ड्रायर वापरत नाही. आणि रंगवते ते शनिवारी. रविवार घरात जातो, सोमवारी बँकेत जाईपर्यंत हिरवट झाक गेलेली असते आणि मंगळवारी संध्याकाळी पहिला शाम्पू.

पाण्याचा विषय मला सगळ्यात उशिरा कळला, आणि त्याचाच त्रास सर्वांत जास्त झाला. फेब्रुवारीपर्यंत तीन दिवस पाळूनही माझे केस टोकांना खरखरीत आणि निस्तेज व्हायचे; रंग असायचा पण चमक नसायची. सोसायटीच्या सूचनाफलकावर पाणी तपासणीचा अहवाल लागला तेव्हा उलगडा झाला. एकूण कठीणपणा लिटरला ५२० मिलिग्रॅम. भारतीय मानकानुसार पिण्याच्या पाण्यात २०० पर्यंत चालतो आणि दुसरी सोय नसेल तर ६०० पर्यंत. म्हणजे आमचं पाणी नियमात बसत होतं, पण केसांना मानवत नव्हतं. असल्या पाण्यात फेस कमी होतो, म्हणून आपण शाम्पू आणखी ओततो, आणि त्यानेच रंग आणखी धुपतो. शिवाय कॅल्शियम-मॅग्नेशियमच्या क्षारांचा थर केसांवर बसतो. नळाच्या तोटीवर जो पांढरा खर दिसतो, तोच.

एक चूक मी केली, ती तुम्ही करू नका. उन्हाळ्यात पाणी वाया जाऊ नये म्हणून आरओच्या नळीतून बाहेर पडणारं पाणी बादलीत साठवून त्याने केस धुतले. आरओ क्षार बाजूला काढतो, आणि ते सगळे त्या बाहेरच्या पाण्यातच जमतात. तीन धुण्यांत केस काथ्यासारखे झाले. ते पाणी आता फरशी पुसायला जातं. केस धुते बोअरच्याच पाण्याने, पण शेवटचे दोन तांबे आरओच्या शुद्ध पाण्याचे. एवढंच, दोन लिटर. फरक पहिल्या आठवड्यातच हाताला लागला. जूनअखेरीपासून तर गॅलरीत बादली ठेवून पागोळ्यांचं पाणी धरते आहे (पहिले दोन-तीन पाऊस सोडून, त्यात छपरावरची धूळ येते). पावसाच्या पाण्यात क्षार नसतात. इतके मऊ केस मला लहानपणी सांगलीत, कृष्णेच्या पाण्यावर न्हायचे तेव्हाचे आठवतात.

पाणी गरम किती, हेही सांगायला हवं. डिसेंबर-जानेवारीत मी कढत पाणी घ्यायचे आणि त्या दोन खेपांना कानशिलं लवकर लाल झाली. आता अंगाला गरम, डोक्याला जेमतेम कोमट. थंडीत दोन बादल्या भराव्या लागतात, पण ते करते.

शाम्पूचं सांगते. नेहमीच्या सल्फेटवाल्या शाम्पूने महिनाभर, आठवड्यातून दोनदा धुतले. तिसऱ्या आठवड्यात भांग तांबूस. मग सल्फेट नसलेला घेतला, फेस फारच कमी, सुरुवातीला धुतल्यासारखं वाटत नाही. पण रंग साधारण आठवडाभर जास्त टिकला. युक्ती एवढीच की एक मोठा चमचा शाम्पू मगभर पाण्यात मिसळायचा, केस आधी नीट भिजवायचे आणि ते पाणी फक्त टाळूला चोळायचं. लांबीवरून फेस वाहत जातो, तेवढा टोकांना पुरतो. सगळे केस डोक्यावर गोळा करून घासायची सवय मोडली. आईच्या सांगण्यावरून शिकेकाई-रिठ्याचंही दोन महिने करून पाहिलं. सहा शेंगा आणि चार रिठे रात्री भिजत घालायचे, सकाळी उकळून, कुस्करून, फडक्याने दोनदा गाळायचं. साबण कठीण पाण्यात फाटतो तसं रिठ्याचं होत नाही, आमच्या बोअरच्या पाण्यातही छान निघतं. रंगाला धक्का लागत नाही. पण डोळ्यांत गेलं तर जबर झोंबतं, आणि कामाच्या दिवशी सकाळी हे शक्य नाही. म्हणून सुट्टीला शिकेकाई, मधल्या वारी पातळ केलेला शाम्पू, असं बसवलं आहे. महागड्या 'कलर प्रोटेक्ट' बाटलीवर पैसे घालवण्यापेक्षा मी ते आधी पाण्यावर खर्च करीन.

तेल धुण्याच्या आदल्या रात्री, खोबरेलच. मुंबईतल्या संशोधकांनी २००३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात खोबरेल, सूर्यफूल आणि खनिज तेल यांची तुलना केली होती. त्यात धुताना केसांतलं प्रथिन जाणं खोबरेलनेच कमी केलं. माझ्या केसांना तो फायदा जाणवतो, गुंता निम्म्यावर आला. फक्त पहिलं तेल पहिल्या धुण्यानंतर, आणि रंगवण्याआधी दोन दिवस तेल बंद, कारण तेलकट केसांवर लेप नीट धरत नाही.

आता तक्रारी, कारण त्याही खऱ्या आहेत. शनिवारचा अख्खा दिवस जातो. मेंदी धरून बसते, उतरत नाही. इंडिगो तिच्या आधी फिका पडतो, त्यामुळे रंग जाताना केस काळ्याचे पांढरे न होता काळ्याचे लाल होतात. ज्यांना तो लालसरपणा अजिबात नको, त्यांनी या वाटेला जाऊ नये. मे महिन्यात घामाने मानेवरून निळसर ओघळ आला आणि पांढऱ्या ब्लाउजच्या गळ्याला डाग पडला. उन्हाळ्यात पहिला आठवडा मी आता गडद रंगच घालते. पोहायला जाणाऱ्यांनीही विचार करावा, क्लोरीनपुढे इंडिगो टिकत नाही. आणि टाळूवर आजवर एकदाही खाज नाही, पण हे माझं झालं. ज्यांना ॲलर्जीचा इतिहास आहे त्यांनी डॉक्टरांना विचारूनच सुरुवात करावी.

कानशिलांचं कोडं मात्र बरेच दिवस सुटत नव्हतं. बाकीचे केस चार आठवडे छान, ही दोन बोटांची पट्टी अडीच आठवड्यांत तांबूस. गेल्या दोन खेपांपासून रविवारी सकाळी तेवढ्याच जागी दोन चमचे इंडिगो पुन्हा कालवून तासभर लावते, आणि ती पट्टीही चार आठवडे राहते. मग तिथला पहिला शाम्पू मंगळवारऐवजी बुधवारी. आता मुळांना साधारण सेंटिमीटरभर पांढरं दिसायला लागलंय, म्हणून येत्या शनिवारी फक्त मुळांना लावणार. ५० ग्रॅम मेंदी पुरेल. गॅलरीतली बादली भरलेली आहे.