आधी कोणता संग्रह वाचावा: 'ईएप जाल्तोक' की 'हॅबिटॅट थ्रेशोल्ड'?

पर्यावरणाचे संकट आणि सामाजिक न्याय हे वेगळे काढताच येणार नाहीत अशी कविता वाचायची असेल, तर प्रशांत महासागरातील दोन कवींचे इंग्रजी संग्रह आवर्जून समोर ठेवावेत. मार्शल बेटांच्या कॅथी जेट्निल-किजिनर यांचा 'ईएप जाल्तोक' २०१७ मध्ये प्रसिद्ध झाला आणि गुआमच्या चामोरू समाजातील क्रेग सँटोस पेरेझ यांचा 'हॅबिटॅट थ्रेशोल्ड' २०२० मध्ये. दोघेही आपल्या लहानग्या मुलीच्या भवितव्याकडे पाहत लिहितात, दोघांच्याही बेटांवर अमेरिकी लष्कराची सावली आहे. मात्र हे आमच्यावर कोणी आणले, असे जेट्निल-किजिनर विचारतात. पेरेझ विचारतात की हे चालू ठेवण्यात आपला हात किती.

'ईएप जाल्तोक' म्हणजे बोलणाऱ्याकडे तोंड असलेली टोपली. मातृवंशीय मार्शली समाजात मुलीबद्दल हा शब्दप्रयोग होतो. या संग्रहात समुद्राच्या चढत्या पातळीआधी बॉम्ब येतो. अमेरिकेने १९४६ ते १९५८ या काळात या बेटांवर ६७ अणुचाचण्या केल्या. १ मार्च १९५४ च्या हायड्रोजन बॉम्बची राख राँगेलाप बेटावरच्या माणसांवर पडली. चाचण्यांसाठी याच बेटांपैकी बिकिनीच्या रहिवाशांना बेट सोडायला सांगताना 'मानवजातीच्या कल्याणासाठी' असे कारण दिले गेले होते. 'हिस्टरी प्रोजेक्ट' या कवितेत पंधरा वर्षांची मुलगी नेमके हेच शब्द उपरोधाने आपल्या शालेय प्रकल्पाचे शीर्षक म्हणून वापरते, परीक्षकांना तो उपरोध कळत नाही आणि ती स्पर्धा हरते. अन्याय सोसणाऱ्याचे म्हणणे ऐकून घेणारा कान कसा बधिर असतो, हे इतक्या साधेपणाने सांगणारी दुसरी कविता मला तरी आठवत नाही. रक्ताच्या कर्करोगाने गेलेल्या भाचीच्या गळलेल्या केसांवरची कविता वाचताना मध्येच थांबावे लागते. एकदा बॉम्बमुळे घर गमावलेल्या माणसांना आता पाण्यामुळे पुन्हा निघावे लागेल का, हा प्रश्न अशा कवितांनंतर आला म्हणजे हवामान बदल हा केवळ निसर्गाचा विषय राहत नाही.

'हॅबिटॅट थ्रेशोल्ड' मुलीच्या जन्मापासून सुरू होतो, पण लवकरच घरातल्या वस्तूंकडे वळतो. 'हॅलोवीन इन द अँथ्रोपोसीन' (अँथ्रोपोसीन म्हणजे माणसाने पृथ्वी बदलून टाकलेले युग) या कवितेत सणाला नटूनथटून गोड खाऊ मागत फिरणाऱ्या मुलांसोबतच पश्चिम आफ्रिकेत कोकोच्या गोण्या वाहणारी आणि आगीत जळणाऱ्या कारखान्यांत कपडे शिवणारी मुले दिसतात. येथे वाचक साक्षीदार राहत नाही, तो आरोपीच्या पिंजऱ्यात येतो. मुक्तछंद, सुनीत, हायकू, गद्य असे अनेक घाट पेरेझ हाताळतात आणि जुन्या प्रसिद्ध कवितांचा साचा घेऊन त्यात नवा आशय भरतात. या रीतीला ते 'रीसायकलिंग' म्हणतात. अमेरिकी कवी वॉलेस स्टीव्हन्स यांच्या कवितेतील काळ्या पक्ष्याच्या जागी हिमनदी येते, चिलीचे कवी पाब्लो नेरूदांच्या प्रेमाच्या सुनीतात हवामान बदलाचा काळ शिरतो. रीत चतुर आहे, पण मूळ कविता ठाऊक नसेल तर तिचा अर्धा परिणाम निसटतो. शिवाय काही ठिकाणी दुष्परिणामांची यादी इतकी लांबते की कवितेपेक्षा निवेदन वाचल्यासारखे वाटते.

जेट्निल-किजिनर यांची अडचण वेगळी आहे. त्यांच्या बऱ्याच रचना मुळात म्हणून दाखवण्यासाठी आहेत आणि कागदावर त्यांतील पुनरुक्ती क्वचित सैल वाटते. सप्टेंबर २०१४ मध्ये न्यूयॉर्कच्या संयुक्त राष्ट्र हवामान परिषदेत त्यांनी तान्ह्या मुलीला उद्देशून लिहिलेली कविता वाचली होती. त्या वाचनाचे चित्रीकरण पाहिल्यावर ही सैलता म्हणजे श्वासाची जागा आहे हे लक्षात येते.

एकच संग्रह घ्यायचा असेल, तर मी 'ईएप जाल्तोक' सुचवेन. वाचनगटासाठी, विद्यार्थ्यांसाठी किंवा इंग्रजी कवितेची फारशी सवय नसलेल्यासाठी तो अधिक मोकळा आहे, आणि त्यातील न्यायाची मागणी माणसांच्या तोंडून येते. घाटाच्या प्रयोगांत रस असणाऱ्याने, स्वतः कविता लिहिणाऱ्याने मात्र 'हॅबिटॅट थ्रेशोल्ड'पासून सुरुवात करायला हरकत नाही. तेव्हा स्टीव्हन्स आणि नेरूदांच्या मूळ कविता शेजारी उघडून ठेवाव्यात आणि पेरेझ यांची हिमनदीची कविता व सुनीत आपापल्या मूळ कवितेनंतर लगेच, सलग वाचावे.