शब्बाथ शाळा: सगळ्यांना एकच उतारा, की वयाप्रमाणे वेगळे धडे?

गेल्या महिन्यात ओळखीच्या एका मंडळीतून, म्हणजे चर्चमधून, फोन आला. शब्बाथ शाळा, म्हणजे रविवारी चर्चमध्ये भरणारे बायबलचे वर्ग, नव्याने बसवायची आहे. वयोगटांची पुस्तकं मागवू, की सगळ्या वर्गांना एकच उतारा ठेवू? आम्ही आधी चार वर्षं वयोगट चालवले आणि आता सहा वर्षं एकच उतारा चालवतोय, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

वाद जुनाच आहे. १८७२ मध्ये अमेरिकेत इंडियानापोलिसला भरलेल्या रविवार शाळांच्या अधिवेशनात ठरलं, की एका रविवारी लहानथोरांनी एकच उतारा शिकायचा आणि सात वर्षांत बायबलभर फिरून यायचं. लहानांच्या शिक्षकांना ते जड जाणारच होतं. अखेर १९०८ मध्ये अमेरिकेतच लुइव्हिलच्या अधिवेशनात वयाप्रमाणे वेगळ्या धड्यांना परवानगी मिळाली. तेव्हापासून दोन्ही पद्धती नांदतायत, याचा अर्थ दोन्हींत काहीतरी दम असणार.

वयोगटांच्या बाजूने बोलायचं तर, पाच वर्षांच्या पोराला बायबलमधलं रोमकरांस पत्र शिकवून दाखवावं. किंवा शास्ते ११ मधली, बापाच्या नवसापायी बळी गेलेल्या इफ्ताहाच्या मुलीची गोष्ट. ती सोळाव्या वर्षी वाचायलाच हवी, पण धाकटा भाऊ शेजारी नसताना. शिवाय पुस्तक तयार असतं, चित्रं असतात, नवख्या बाईंना धीर येतो. हे सगळं मला मान्य आहे.

माझं गाडं अडलं ते वेगळ्याच ठिकाणी. आमच्याकडे वर्ग तीन, शिक्षकही तीनच. लग्नसराई, कंपनीतली शिफ्ट, कुणाची सासू दवाखान्यात. महिन्यातून दोन रविवार तरी एक जण नाहीच. मग तो वर्ग उचलून दुसऱ्यात बसवायचा. एकदा अख्खा बालवर्ग माझ्याकडे आला. हातात अर्धं रंगवलेलं नोहाचं तारू, जिराफाला मान काढायची राहिलेली. माझ्यापुढे दृढीकरणाची (चर्चचे पूर्ण सभासद होण्याच्या तयारीतली मोठी) पोरं आणि फळ्यावर गलतीकरांस पत्र. तारवाकडे वळलो की मोठे जांभया देणार. गलतीकरांकडे वळलो तर एक चिमुरडी विचारते, ‘‘सर, जिराफ बुडाला का?’’ शेवटी गीतं म्हणून वेळ काढला. पुढच्या रविवारी बाई आल्या त्या थेट अब्राहामावर गेल्या, कारण पुस्तकात पुढचा धडा तोच होता. नोहा काही तारवातून उतरला नाही. एकदा घडलं तर माणूस हसून सोडून देतो, पण आमच्याकडे हे दर पंधरवड्याला चाललेलं.

एकच उतारा घेतल्यावर ही कटकट मिटली. जोडलेला वर्गही त्याच गोष्टीतला असतो, फक्त वेगळ्या पायरीवर.

लूक १९ मधला जक्कय घ्या. आपल्या मराठी बायबलमध्ये तो येशूला पाहायला उंबराच्या झाडावर चढतो. मूळचं झाड आपल्या उंबराचंच भाईबंद, त्यामुळे समजावून सांगावं लागत नाही. बालवर्ग खुर्चीवर चढून ‘‘जक्कया, खाली ये’’ म्हणतो, झालं त्यांचं पाठांतर. मधल्या वर्गाला मी विचारतो, येशू त्याच्या घरी उतरला तर लोक का कुरकुरले? जकातदार, तोही रोमी सत्तेसाठी वसुली करणारा. हे पोरांना पटकन कळतं. गावात कुणाच्या घरी गेलेलं कुणाला खपत नाही हे त्यांनी घरी ऐकलेलं असतं. फसवून घेतलेलं चौपट परत करण्याची भाषा जक्कय करतो, मोठ्यांना त्या चौपटीवर लावायचं. निर्गम २२ मध्ये चोरलेल्या मेंढरामागे चार मेंढरं द्यायची, बैलामागे पाच बैल. म्हणजे जक्कय स्वतःला चोराचाच हिशोब लावतोय का? आणि उपासनेनंतर थांबणाऱ्या प्रौढांसाठी आणखी एक गाठ आहे. मूळ ग्रीकमध्ये तो ‘देतो’ असं वर्तमानकाळात बोलतो. आजपासून देईन म्हणतोय, की देतच आलोय म्हणतोय? यावर आमच्याकडे दोन निवृत्त शिक्षकांत चांगली तासभर जुंपली. त्या दिवशी जेवणं उशिरा झाली, पण घरोघरी ताटावर एकच विषय होता, असं मला तिघांनी तरी सांगितलं.

याची किंमतही सांगायला हवी. तयार पुस्तक नसल्याने शुक्रवारी संध्याकाळी कुणाच्या तरी घरी तासभर बसावं लागतं. चहा होतो, निम्मा वेळ गप्पांत जातो. पण तिघांनी तोच उतारा चावलेला असल्यामुळे कोणीही कोणाचा वर्ग घेऊ शकतो. उताऱ्यांसाठी आम्ही १९९२ चं तीन वर्षांचं वाचनचक्र, म्हणजे दर रविवारी वाचायच्या उताऱ्यांची अनेक चर्चमध्ये चालणारी यादी, धरतो: एक वर्ष मत्तय, एक मार्क, एक लूक, योहान अधूनमधून येत राहतो. पाळक (पास्टर) प्रवचन त्यावरच करत असतील तर फारच सोपं जातं. जुन्या करारातला बराच भाग मात्र त्यात येत नाही. तो आम्ही मे महिन्याच्या सुट्टीतल्या बायबल शाळेत घेतो, आणि तिथे गट वयाप्रमाणेच पाडतो. इफ्ताहही तिथेच.

तुमच्याकडे सात-आठ शिक्षक असतील, वेगळ्या खोल्या असतील, तर वयोगट कदाचित छान चालतील. मोठ्या शहरातल्या मंडळ्यांत चालताना पाहिलेतही. तीन-चार जणांवर शाळा असेल तर मी आपला एका उताऱ्याकडे झुकेन. आमच्या कपाटात वयोगटांच्या पुस्तकांचे दोन संच अजून पडून आहेत. चित्रं सुरेख आहेत, कापून वापरतो.