स्वेच्छानिवृत्त शिक्षकांच्या रकमेवर कोणाचा डोळा असतो?

अनुदानित माध्यमिक शाळेतील 26 वर्षांच्या सेवेनंतर, 2023 मध्ये, वयाच्या 52 व्या वर्षी मी रीतसर तीन महिन्यांची नोटीस देऊन स्वेच्छानिवृत्ती घेतली. नेमणूक 1 नोव्हेंबर 2005 पूर्वीची असल्याने जुनी पेन्शन लागू होती. उपदान (ग्रॅच्युइटी), भविष्य निर्वाह निधी आणि 40 टक्के पेन्शनच्या अंशराशीकरणाची (पेन्शनचा काही भाग सोडून त्याबदल्यात एकरकमी मिळणारी) रक्कम पगाराच्याच खात्यात जमा झाली आणि पाठोपाठ बँकेतील अधिकाऱ्यांचा फोन आला. अंशराशीकरण केलेला भाग पंधरा वर्षांनी पूर्ववत होतो, म्हणजे त्या पैशांत माझी पुढची पेन्शनच आगाऊ आलेली होती. हे त्या अधिकाऱ्यांना पक्के ठाऊक होते.

"बाई, तुम्ही अजून ज्येष्ठ नागरिक नाही, पोस्टात तुम्हाला काही मिळणार नाही. एकदाच सहा लाख भरा, पाच वर्षांनी दुप्पट," असे त्यांनी सांगितले. त्यातले अर्धे खरे होते आणि फसवणुकीचे सारे बळ त्या अर्ध्या खऱ्यात होते. ज्येष्ठ नागरिक बचत योजनेसाठी साधारणतः 60 वर्षे पूर्ण लागतात; स्वेच्छानिवृत्तांना 55 पासून सवलत आहे, पण पन्नाशीच्या पहिल्या चार-पाच वर्षांत नोकरी सोडणाऱ्या शिक्षकाला ते दार बंदच असते. बँकेच्या ठेवीवरील ज्येष्ठांचा जादा व्याजदरही साठीनंतरच मिळतो. विक्रेते नेमके याच वयोगटाला गाठतात.

"ठेव" म्हणून दिलेला कागद प्रत्यक्षात दहा वर्षे दरवर्षी सहा लाखांचा हप्ता भरण्याची विमा पॉलिसी होती. अर्जावर पेन्सिलीने केलेल्या फुल्यांपाशी माझ्या सह्या घेतल्या गेल्या आणि उरलेले रकाने नंतर भरले गेले. त्यात माझा व्यवसाय "सल्लागार" आणि वार्षिक उत्पन्न 25 लाख रुपये लिहिले होते. (एवढे उत्पन्न असते तर पेन्शनची वाट कोणी पाहिली असती?) कंपनीचा पडताळणीचा फोन येईल, तेव्हा प्रत्येक प्रश्नाला "हो" म्हणा, तो केवळ उपचार असतो, असेही बजावण्यात आले. पॉलिसीचा दस्तऐवज घरी न येता शाखेत गेला आणि पसंत नसल्यास ती परत करण्याची मुदत तिथेच उलटली. पुढच्या वर्षी दुसऱ्या हप्त्याची सूचना आली, तेव्हा हा सारा प्रकार उघड झाला. तोवर अधिकाऱ्यांची बदली झाली होती. त्या वेळच्या नियमांनुसार दोन वर्षांचे हप्ते भरल्याशिवाय अशा पॉलिसीला समर्पण मूल्य (पॉलिसी मध्येच बंद केल्यास परत मिळणारी रक्कम) नव्हते, म्हणजे भरलेले सहा लाख बुडीत खात्यात.

कंपनीकडे लेखी तक्रार केली; तिने "सह्या तुमच्याच आहेत" असे उत्तर दिले. त्यानंतर विमा कंपन्यांविरुद्धच्या तक्रारी सोडवणाऱ्या विमा लोकपालांकडे अर्ज केला. तिथे शुल्क नाही, वकील लागत नाही. मात्र कंपनीने नकार दिल्यापासून एका वर्षाच्या आत जावे लागते. उपयोगी पडले ते दोन कागद: निवृत्तीचा आदेश, ज्यावरून 25 लाखांचे उत्पन्न खोटे ठरले, आणि कुरिअरची पोच, जिच्यावर माझी सही नव्हती. मुद्दल परत मिळाले, व्याज नाही.

ते सहा लाख आता पोस्टाच्या मासिक उत्पन्न योजनेत आहेत. त्या योजनेला ज्येष्ठत्वाची अट नाही, एका नावावर नऊ लाखांपर्यंत रक्कम ठेवता येते, आणि 2023 मध्ये त्या अधिकाऱ्यांसमोर बसले होते त्या दिवशीही ती माझ्यासाठी खुलीच होती.