शांता की मांडवी?

गोव्यात मुलीचं नाव अस्सल इथलंच हवं, असं ठरलं की ही दोन नावं हमखास पुढे येतात. दोन्ही रामायणातलीही आहेत. काही परंपरांत शांता ही दशरथाची लेक, ऋष्यशृंगाची पत्नी. मांडवी कुशध्वजाची मुलगी, भरताची बायको. म्हणजे नात्यानं नणंद-भावजयच!

शांता म्हटलं की गोंयकाराला आठवते ती कवळ्याची शांतादुर्गा. शिव आणि विष्णू यांच्यात जुंपली तेव्हा देवी मध्ये पडली, दोघांना शांत केलं, अशी कथा. म्हणून इथली दुर्गा नुसती दुर्गा नाही. देवीचं मूळ स्थान सासष्टीतलं केळशी; पोर्तुगीजांनी देवळं पाडायला घेतली तेव्हा, सोळाव्या शतकात, भाविकांनी तिला नदीपलीकडे फोंड्याच्या बाजूला, कवळ्याला आणलं. नाव मवाळ वाटतं खरं, पण त्यामागची देवी भांडण मिटवणारी आहे, भांडणाला भिणारी नव्हे. आजीचं नाव म्हणून नाक मुरडणाऱ्यांनी एवढं तरी ध्यानात घ्यावं.

मांडवी ही पणजीला वळसा घालून समुद्राला मिळणारी नदी. कानाला गोड, कागदावर नवं. कुळाचाराचं ओझं नाही, ही जमेची बाजू.

माझं मत शांताला. घरच्यांना फारच जुनं वाटलं तर मांडवी ठेवा, फक्त मुंबईचे पाहुणे ‘मांडवी एक्स्प्रेस’ या रेल्वेगाडीवरून पोरीला चिडवणार, एवढी तयारी असू द्या.