पवनी, कारंजा की अचलपूर: एक दिवस पायी फिरायचं तर कुठं?

दिवाळी झाली, थंडी पडली की पुण्या-मुंबईच्या नातेवाइकांचे फोन सुरू होतात. ताडोबा बघून झालेलं असतं, परतीच्या गाडीला एक दिवस असतो आणि त्यांना एखादं जुनं गाव कुणाबरोबर तरी चालत, ऐकत आणि खात बघायचं असतं. मुंबईत खोताची वाडी किंवा पुण्यात कसबा पेठ अशी दाखवणारे आता बरेच आहेत. आपल्या विदर्भातल्या तालुक्याच्या गावांत तिकीट काढून गटात सामील व्हायची सोय सहसा नसते. तिथे फेरी ठरवून घ्यावी लागते. इतिहासाचा नाद असलेले एखादे गुरुजी, गावचे पत्रकार, नाहीतर मंदिराच्या विश्वस्तांपैकी कुणी तुमच्याबरोबर चालतं आणि जेवण एखाद्या घरी सांगून ठेवलेलं असतं.

अशा फेरीसाठी विदर्भातली तीन गावं मला सगळ्यात जास्त पटतात: भंडारा जिल्ह्यातलं पवनी, वाशिम जिल्ह्यातलं कारंजा लाड आणि अमरावती जिल्ह्यातलं अचलपूर. तिन्ही एकाच सुट्टीत होणार नाहीत, कारण ती तीन वेगळ्या दिशांना आहेत. निवडताना मी एकच गोष्ट आधी बघते. जे ताटात येतं आणि जे डोळ्यांना दिसतं ते एकाच जमिनीतून आलेलं आहे का? तसं असेल तर चार तास चालूनही माणूस कंटाळत नाही.

पवनी

नागपूरहून उमरेड, भिवापूर करत सुमारे ८० किलोमीटर. वाटेतलं भिवापूर मिरचीचं गाव आहे आणि तिथल्या मिरचीला भौगोलिक मानांकन मिळालेलं आहे. जाताना थांबून घेतली तर संध्याकाळी परतताना दुकान बंद सापडायची चिंता नाही.

पवनी वैनगंगेच्या काठावर आहे. एका बाजूला नदी आणि बाकीच्या बाजूंनी मातीचा उंच परकोट व खंदक, अशी या गावाची जुनी बांधणी. १९६९-७० मध्ये नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण यांनी मिळून इथे उत्खनन केलं. जगन्नाथ टेकडी म्हणून लोक ज्या उंचवट्यावर जात होते तिच्या पोटात बौद्ध स्तूप निघाला. दुसरा स्तूप चांडकापूरच्या टेकडीत सापडला. कोरीव खांबांवर बुद्धावर छाया धरणारा, फणा काढलेला मुचलिंद नाग आहे. महाक्षत्रप रूपिअम्माचं नाव असलेला स्तंभलेखही पवनीचाच. म्हणजे सातवाहन राजा गौतमीपुत्राच्या काळाच्या आसपास पश्चिमेकडच्या शक क्षत्रपांचा माणूस इथवर पोचला असावा. शाळेच्या पुस्तकात हे वाचून काही वाटत नाही, टेकडीवर उभं राहून खाली नदी बघितली की हे गाव इथेच का वसलं ते लगेच कळतं.

मात्र टेकडीवर भव्य असं काही उभं नाही, हे आधीच मनाशी ठरवून जा. मातीचा चढ, विटा आणि दगड दिसतात. म्हणूनच पवनीत सोबत सांगणारा माणूस असायलाच हवा. एकटे गेलात तर अर्ध्या तासात परत फिराल.

स्तूपांनंतर घाट आणि देवळं. पवनीला विदर्भाची काशी म्हणतात ते देवळांच्या संख्येमुळे. विदर्भाच्या अष्टविनायकांपैकी सर्वतोभद्र गणेश इथला, आणि वैजेश्वराचा घाट सकाळच्या उन्हात बघावा असा. गावाच्या वरच्या अंगाला गोसीखुर्द धरण आहे. त्याची पायाभरणी १९८८ मध्ये झाली आणि त्यानंतर या नदीचं वागणं बदललं. पावसाळ्यात धरणाचे दरवाजे उघडले की घाटाकडे जाता येत नाही. धरणाआधी नदी कशी होती, मासे कुठले मिळायचे, पलीकडे कसं जायचे, हे घाटावरच्या म्हाताऱ्या ढिवराला, म्हणजे मासेमाराला, विचारायला सोबतच्या माणसाला सांगा. स्तूपाइतकाच तोही इतिहास आहे, आणि तो सांगणारी माणसं आता थोडी उरली आहेत.

आता ताट. हा धानाचा मुलूख, इथे भाकरीपेक्षा भात. भंडाऱ्याच्या चिन्नोरलाही मानांकन आहे. बारीक, वासाचा तांदूळ, आणि दिवाळीनंतर नवा निघतो तेव्हा घराघरांतून त्याचा दरवळ येतो. त्याबरोबर वैनगंगेचे मासे किंवा झिंगे, शाकाहारी असाल तर वडा-भात, आणि लाखोळी. धान कापायच्या आधीच ओल असलेल्या बांधीत लाखोळीचं बी फेकतात आणि पुढे थंडीत ती वाढते. तिच्या डाळीच्या विक्रीवर राज्यात अनेक वर्षं बंदी होती, तरी झाडीपट्टीतल्या, म्हणजे या पूर्व विदर्भातल्या, घरांनी तिचे वडे आणि कोवळ्या पाल्याची भाजी सोडली नाही. हे खाताना कुणी पिकाची गोष्ट सांगितली, मामा म्हणजे माजी मालगुजारी तलाव कुणी बांधले ते सांगितलं, कोहळी समाजाने माती बघून पाळ कशी टाकली ते सांगितलं, तर सकाळी पाहिलेली टेकडी आणि दुपारचा भात एकाच कथेत येतात. दोन हजार वर्षांपूर्वी विहारांना दान देणारी माणसं याच पाण्यावर आणि याच धानावर जगत असावीत. मला पवनी सगळ्यात पुढे वाटतं ते यासाठी.

रात्री थांबता आलं तर आणखी एक फायदा. दिवाळीपासून उन्हाळ्याच्या तोंडापर्यंत झाडीपट्टीची नाटकं चालतात. मंडईच्या जत्रेच्या नाहीतर शंकरपटाच्या, म्हणजे बैलांच्या शर्यतीच्या, निमित्ताने आसपासच्या एखाद्या गावात मंडप पडलेला असतो आणि नाटक रात्री सुरू होऊन पहाटे संपतं.

कारंजा लाड

हे गाव चालण्यासाठीच बनलेलं आहे. दिल्ली, दारव्हा, मंगरूळ आणि पोहा या नावांच्या चार वेशी, आणि त्यांच्या आतल्या गल्ल्या दीड-दोन तासांत सावकाश होतात. नागपूरहून समृद्धी महामार्गाने येता येतं, अमरावतीहून तर सकाळी निघून दुपारी घरी जाता येतं. गुडघे दुखणारे आई-वडील बरोबर असतील तर मी डोळे झाकून कारंजा सांगेन.

बहुतेकांना कारंजा माहीत आहे ते नृसिंहसरस्वतींचं जन्मस्थान म्हणून. परंपरेप्रमाणे त्यांचा जन्म १३७८ चा. गुरुमंदिरात गर्दी असते, रांग असते, सगळं शिस्तीत चालतं. पण कारंज्याचं खरं आश्चर्य पलीकडच्या गल्लीत आहे. सेनगण, बलात्कारगण आणि काष्ठासंघ या दिगंबर जैनांच्या तीन परंपरांची मंदिरं एकाच गावात आहेत आणि त्यांच्या भांडारांत शतकानुशतकं हस्तलिखितं जपून ठेवली गेली. विसाव्या शतकात अपभ्रंश भाषेतले ग्रंथ छापले जाऊ लागले तेव्हा त्यातले काही कारंज्याच्या पोथ्यांवरून संपादित झाले. मराठीच्या आधीची भाषा कशी होती हे ज्या पोथ्यांमुळे कळलं, त्यातल्या काही या गावाने सांभाळल्या. मंदिरातलं लाकडी कोरीवकामही वेळ काढून बघावं. पोथ्या मात्र आधी परवानगी घेतल्याशिवाय बघायला मिळत नाहीत, आणि मिळू नयेतही.

गावात कस्तुरीच्या हवेलीची गोष्ट सांगतात. न विकलेली कस्तुरी एका व्यापाऱ्याने एकगठ्ठा घेतली आणि घराच्या चुन्यात घालून टाकली म्हणे. सांगणारा ही गोष्ट म्हणून सांगतो की इतिहास म्हणून, यावरून तो कसा माणूस आहे ते ओळखता येतं.

खाण्याच्या बाबतीत कारंजा पवनीच्या मागे आहे. दत्ताचं आणि जैनांचं गाव, त्यामुळे फेरी पूर्ण शाकाहारी धरा. जैन घरी जेवण ठरलं तर ते दिवस मावळायच्या आत होतं आणि कांदा-लसूण नसतो. वऱ्हाडी घरी सांगितलं तर पातोडीचा रस्सा, ज्वारीची भाकरी, कढी-गोळे, आणि थंडीत सांबारवडी, म्हणजे कोथिंबिरीची वडी. हे सगळं चविष्टच असतं, पण अकोल्या-अमरावतीलाही तसंच मिळतं. मात्र एक अपवाद आहे. डिसेंबर-जानेवारीत ज्वारी हुरड्यावर आली असेल आणि कुणाच्या वावरात बसायची सोय झाली, तर कारंजा पवनीला गाठतं. संध्याकाळी वेळ उरला तर सोहोळच्या अभयारण्यात काळवीट दिसतात.

अचलपूर

डोळ्यांत भरेल असं काही बघायचं असेल तर अचलपूर. १४९० मध्ये फतहुल्ला इमादउल्मुल्कने बहमनींपासून वेगळं होऊन वऱ्हाडची इमादशाही उभी केली. १५७४ मध्ये ती अहमदनगरच्या निजामशाहीने गिळली. एलिचपूर हे जुनं नाव आजही म्हाताऱ्यांच्या तोंडी येतं. दुल्हा दरवाजा, त्याच्याजवळचा दुल्हा रहमान शाहांचा दर्गा, नवाबांच्या कबरी, आणि गावाबाहेर गोल हौदात उभा असलेला अष्टकोनी मजल्यांचा हौज कटोरा. हौज कटोऱ्यासाठी कुणी सांगणारा नसला तरी चालेल. बघताक्षणी माणूस थांबतो.

अडचण अंतराची आहे. हौज कटोरा गावापासून दूर, बाकी ठिकाणंही विखुरलेली, आणि छावणीमुळे वाढलेलं शेजारचं परतवाडा वेगळंच. त्यामुळे निम्मी फेरी ऑटोत होते. रहदारी जास्त आहे, मुलांचा हात सोडता येत नाही. जेवण चांगलं होतं ते ओळखीच्या मुस्लिम घरी: पुलाव, दालचा, सालन. नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये आंबिया बहाराची संत्री उतरत असतात, तेव्हा बागेत जाऊन झाडाखाली खाता येतात आणि ही एक गोष्ट पवनीत मिळणार नाही. शिवाय दुसरा दिवस हाताशी असेल तर चिखलदरा तासाभरावर आहे. तिथे गाविलगड आहे, इंग्रज सेनापती वेलस्लीच्या फौजेने तो १५ डिसेंबर १८०३ रोजी घेतला, आणि उतरताना रबडी खाल्ल्याशिवाय कुणी येत नाही.

कारंजा आणि अचलपूर एकाच छोट्या रुळांच्या गाडीवर होती, हेही लक्षात असू द्या. यवतमाळ, मूर्तिजापूर, अचलपूर अशी ती शकुंतला वऱ्हाडाचा कापूस मुंबईच्या गाडीपर्यंत नेत असे. आता ती बंद आहे. पण दोन्ही गावांत तिच्यातून प्रवास केलेली माणसं भेटतात आणि त्यांना विचारलं की ती तास तास बोलतात.

मग कुणी कुठं जावं

सिंदखेडराजाचं काय, असं कुणी विचारेल. जिजाऊंचं जन्मस्थान, लखुजी जाधवांचा वाडा आणि समाधी, मोती तलाव, पुतळा बारव, आणि २०२४ मध्ये समाधीजवळच्या उत्खननात निघालेला शेषशायी विष्णू. तिथे प्रत्येक मराठी माणसाने जावं, मुलांना तर न्यावंच. पण तिथे माणूस वास्तू बघतो, नमस्कार करतो आणि लोणारकडे निघतो. गल्लीत रेंगाळून खाण्याची फेरी ते गाव नाही, म्हणून या तुलनेत मी ते धरलेलं नाही. १२ जानेवारीला जाणार असाल तर गर्दीची तयारी ठेवून जा.

बाकी तिघांत माझं मत स्पष्ट आहे. वाचनाची आवड आहे, मांस-मासे चालतात, दिवसभर वेळ आहे: पवनी. वडीलधारे बरोबर आहेत, अर्धाच दिवस आहे, शाकाहार पाळता: कारंजा. फोटो काढायचे आहेत, पुढे मेळघाटात जायचं आहे, थोडं गाडीत बसायला हरकत नाही: अचलपूर. सात-आठ वर्षांची मुलं असतील तर पवनीच्या टेकड्यांवर ती कंटाळतील, त्यांना हौज कटोरा दाखवा. मार्चनंतर उन्हाळाभर यातलं कुठलंच नको. एप्रिल-मेच्या उन्हात सकाळी दहानंतर चालणं धोक्याचं आहे. पावसाळ्यात कारंजा चालेल, पवनी नाही.

सांगणारा माणूस ठरवताना फोनवर दोन गोष्टी विचारून घ्या. त्याचं स्वतःचं घर त्या गावात आहे का, आणि तो फेरीत तुम्हाला कुणाकुणाशी बोलायला लावणार आहे. नागपूरहून गाडी घेऊन येणारा वाटाड्या सनावळ्या बिनचूक सांगतो, पण त्याला ढिवराचं घर माहीत नसतं. गावचा गुरुजी एखादं साल चुकवेल, पण भांडाराची किल्ली कुणाकडे आहे हे त्याला ठाऊक असतं. मला निवड करायची तर मी गुरुजींबरोबर जाईन आणि साल घरी येऊन तपासेन. स्त्रिया आणि वृद्ध असतील तर स्वच्छतागृह कुठे मिळेल हेही संकोच न करता विचारा. घाटावर आणि टेकडीवर ते नसतं.

पैशांचं आधीच बोला, आणि दोन वेगळ्या पाकिटांत द्या. सांगणाऱ्याला त्याचे, आणि जिने पहाटे उठून चूल पेटवली त्या बाईला तिचे, थेट तिच्या हातात. गावाकडे पाहुण्याच्या जेवणाचे पैसे मागायला माणसं लाजतात, आणि शहरातून आलेले त्या लाजेचा फायदा घेऊन "किती प्रेमाने वाढलं" म्हणत निघून जातात, हे मी पुष्कळदा बघितलं आहे आणि मला त्याचा राग येतो. हॉटेलात ताटाला जे द्याल त्यापेक्षा कमी देऊ नका. "राहू द्या" म्हणाली तरी ठेवून या.

जेवण किमान तीन-चार दिवस आधी सांगा. चिन्नोर कांडून ठेवलेला लागतो, मासा त्या दिवशी मिळेलच असं नसतं, आणि कारंज्याकडे रोडगे हवे असतील तर गोवऱ्यांचा जगरा पेटवायला वावरात माणूस लागतो. किती जण येणार तो आकडा नक्की सांगा, आणि गटात दहापेक्षा जास्त असतील तर दोन घरी वाटून जेवा.