ब्लूमफील्डची वाट की पर्किन्सची?

इंग्लिश फुटबॉलच्या खालच्या लीगांमध्ये मिडफिल्डर (मधल्या फळीतला खेळाडू) कारकीर्द घडवतो ती दोनपैकी एका पद्धतीने: एकाच क्लबात टिकून किंवा क्लब बदलत.

मॅट ब्लूमफील्ड 2003 मध्ये इप्सविचहून वायकम वॉन्डरर्स या क्लबकडे आला आणि 2022 पर्यंत तिथेच खेळला. पाचशेहून जास्त सामने. 2014 मध्ये लीग टूच्या (चौथ्या स्तराच्या) शेवटच्या दिवशी टॉर्कीला 3-0 हरवूनही जीव टांगणीलाच होता. तिकडे ब्रिस्टल रोव्हर्स हरले, गोलफरकावर वायकम खालच्या स्तरात घसरण्यापासून वाचले. सहा वर्षांनी हाच क्लब रिकाम्या वेम्बली मैदानावर ऑक्सफर्डला हरवून इतिहासात प्रथमच चॅम्पियनशिपमध्ये, म्हणजे दुसऱ्या स्तरात गेला. असा चढउतार एका जागी टिकणाऱ्यालाच अनुभवता येतो. मात्र डोक्याला बसलेल्या मारामुळे त्याला निवृत्त व्हावं लागलं, हे मनाला लागतं.

डेव्हिड पर्किन्सचं उलट. मोरकॅम, रॉचडेल, कोलचेस्टर, बार्न्सली, ब्लॅकपूल, विगन. विगनबरोबर 2015-16 मध्ये लीग वनचं (तिसऱ्या स्तराचं) विजेतेपदही मिळालं. पण दर एक-दोन वर्षांच्या करारापायी नवं गाव, नवा प्रशिक्षक आणि स्वतःला पुन्हा पहिल्यापासून सिद्ध करणं. त्याला अफाट दमसास लागतो, आणि तो पर्किन्सकडे होता.

वरच्या पातळीवर लवकर खेळायचं असेल तर पर्किन्सची वाट बरी. मला मात्र ब्लूमफील्डचीच भावते; पुढे तो वायकमचा व्यवस्थापकही झाला.